लीलाधरची मूठ

डिंपलला बसलेलं कोणी पाहिलं असेल तर मला येऊन सांगा, पेढा देईन, असं तिची काकू लताबाई गल्लीत उघड म्हणायची. पोर जेवायलाही उकिडवी बसे, एक पाय कायम उठायच्या तयारीत. झोपताना चपला उशाशी लागत. दारामागच्या खुंटीला तिची एक पिशवी टांगलेली असे. तिच्यात एक फ्रॉक, टॉवेल, पासपोर्ट आणि शेंगदाण्याची पुडी. दाणे खवट झाले की पुडी बदलायची, पण पिशवी काही दोन वर्षांत एकदाही रिकामी झाली नाही. आल्यागेल्याने विचारलं, "कोठे जाई ऱ्हायनी वं पोरी?" की ती म्हणे, "कोठेच नही," आणि पिशवीचा बंद पुन्हा एकदा आवळून घेई.

आणि पाणी! पाचोऱ्याजवळच्या त्या गिरणाकाठच्या गावात नळ आठवड्यातून एखाद्या वेळी येतो, त्यामुळे पाणी भरून ठेवण्यात कुणाला वावगं वाटत नाही. पण डिंपलचे हंडे, कळश्या, बादल्या आणि ड्रम भरून झाले की ती पातेल्यांकडे वळायची, पातेली संपली की तांब्यांकडे. एकदा तिने चहाचे कपसुद्धा भरून ओळीने मांडले. लताबाईने कपाळावर हात मारला. "आते च्या काय ओंजळमा पेवाना का?" म्हातारी भागाबाई, डिंपलची आजी, तेवढी म्हणाली, "भरू दे. कामे येस पानी." आणि तिने कपांवर बशा झाकून ठेवल्या.

ही पोर मूळची कुठली, हे गावाला एका दमात सांगता येत नसे. बाप लीलाधर इथलाच, भागाबाईचा धाकटा. जळगावच्या कापसाच्या जिनिंगमध्ये फिटर होता. तिथून कुणाच्या तरी ओळखीने सुदानला गेला, ओमदुरमान नावाच्या शहरात तेलाच्या गिरणीवर. तिकडच्याच एका गुजराती घरातली मुलगी त्याने केली. ते घर पणजोबांपासून तिथलं. गुजरात त्यांनी नुसतं ऐकलेलं. डिंपल तिथेच जन्मली. आई तापाने लवकर गेली आणि पोर वाढली ती नानीबाच्या मांडीवर गुजरातीत आणि शेजारच्या बतूलच्या अंगणात अरबीत. बतूलला ती खालतो म्हणे, म्हणजे मावशी. बापाचा देश तिच्या लेखी फोनवर दिसणारी एक म्हातारी होता, पुढचे दात नसलेली, दर वेळी "जेवनी का?" एवढंच विचारणारी.

मग लढाई आली. दोन सेनापतींचं आपसात बिनसलं आणि मरण आलं ते भाजीला निघालेल्या माणसांना. लीलाधरने खिडक्यांना गाद्या लावल्या. वीज गेली, नळ गेले. तो प्लास्टिकचे डबे घेऊन पाण्याला जाई आणि तो परत येईपर्यंत डिंपल दारामागे उभी राही. आपण बसलो तर पप्पा यायचे नाहीत, असं तिच्या मनाने घेतलं होतं. उभी राहिली तेव्हा तो दर वेळी आला, त्यामुळे तिची खात्रीच पटली.

भारतातल्या लोकांना नेणारी बस आली तेव्हा नानीबाचा खुबा मोडलेला होता. तिला उचलून नेणं शक्य नव्हतं आणि टाकून जाणं लीलाधरच्या रक्तात नव्हतं. गिरणीतल्या धुळ्याच्या कुंदनच्या हातात त्याने पोरीचा हात दिला. "नानीबाला घेऊन मी मागून येतो. तू पुढे हो." बस, मग जहाज, मग विमान, मग रेल्वे. पाचोऱ्याच्या फलाटावर लीलाधरचा थोरला भाऊ योगराज न्यायला आला होता. कुंदनने पोर त्याच्या स्वाधीन केली आणि तो धुळ्याच्या गाडीला लागला. पुढे तो मस्कतला गेल्याचं कळलं.

त्याच आठवड्यात शेजारणीने लताबाईला विचारलं, "पोर किती दिन ऱ्हाई?" लताबाई चूल सारवत होती. "लीलाधरभाऊ येतस तवलगून," ती म्हणाली. तिच्या मनात काही काळंबेरं नव्हतं, हे मी शपथेवर सांगतो. दुसऱ्याच्या पोरीला तिने स्वतःच्या तेजसआधी वाढलं होतं. पण डिंपल ड्रममागे उभी होती आणि तिने ते वाक्य जपून ठेवलं.

तसं पाहिलं तर ती लवकर रुळली. नानीबाच्या गुजरातीमुळे गावची अहिराणी चटकन जिभेवर आली. शाळेतली मराठी तेवढी तिला अजून पाहुणीसारखी वागवते. पाढ्यांत ती वर्गात पुढे, फुगडीत सगळ्यांत पुढे. फुगडीत बसावं लागत नाही ना!

त्या पहिल्या श्रावणात तिने कानबाई पाहिली. नागपंचमीनंतरच्या रविवारी खान्देशात ही बाई घरोघर बसते. नारळाला नथ घालायची, हिरवं लुगडं नेसवायचं, रात्रभर गाणी म्हणायची आणि सोमवारी वाजतगाजत नदीवर न्यायचं. सुरतेला, नाशिकला पांगलेली भाऊबंदकी त्या दिवशी गावी गोळा होते. बाईच्या नैवेद्याला रोट लागतात आणि रोटांसाठी घरातल्या प्रत्येक पुरुषाच्या नावाने सव्वा मूठ गहू सुपात पडतो. त्या पिठाचे रोट घरच्यांनीच खायचे आणि पौर्णिमेपर्यंत संपवायचे. परक्याला घास नाही, मग तो कितीही जवळचा मित्र असो.

अभिमन नाना म्हणजे भाऊबंदकीतले सगळ्यांत वडील. त्यांनी डोळे मिटून एकेक नाव घेतलं, "लीलाधर," म्हणाले आणि मूठ टाकली. डिंपलने पुढे सरकून आपल्या मुठीचं विचारलं, "मनी?"

सगळे हसले. नानाही हसले. "पोरीस्नी मूठ ऱ्हात नही बेटा. तू तुना बापना मूठमा शे."

संध्याकाळी नशिबाने फोन लागला. लीलाधरने लढाईचं काही सांगितलं नाही. पहिलं विचारलं, "मनी मूठ लिधी का?" घेतली म्हटल्यावर तो मोकळं हसला. "मंग मी घरमाच शे."

डिंपलचा हिशेब साधा होता आणि तो तिने कुणाला तपासायला दिला नाही. पप्पा येईपर्यंत आपण इथे. पप्पांची मूठ आहे म्हणजे पप्पा आहेत, आणि आपण त्यांच्या मुठीत. मूठ नसेल तर पप्पा नाहीत, आणि मग आपण या घरात कोण? मोठ्या माणसांनी सहज टाकलेली दोन वाक्यं लहान पोर अशी जोडते आणि रात्री चपला उशाशी घेऊन झोपते. त्या मोठ्यांना याचा पत्ताही नसतो, याचा मला राग येतो.

हिवाळ्यात फोन बंद पडला. योगराज रोज लावायचा, मग दोन दिवसांनी लावायचा, मग सणावाराला. पुढच्या श्रावणात भाऊबंदकीतले एक म्हातारे वारले. सुतकात कानबाई बसत नाही, त्यामुळे मुठीचा प्रश्न आपोआप टळला.

यंदा तो टळण्यासारखा नव्हता. कानबाईच्या आधी दळण टाकायचा दिवस आला. चक्कीवाल्याने चक्की धुऊन ठेवल्याचा निरोप आला. ओसरीवर भागाबाई सुपात गहू पाखडत होती, योगराज खांबाला टेकला होता आणि डिंपल ओसरीच्या या टोकापासून त्या टोकापर्यंत येरझाऱ्या घालत होती. नानांनी पगडीखालचं कपाळ पुसलं.

"भागाबाई, वाईट वाटू देऊ नको. पन लीलाधरनी मूठ लेवानी का नही?"

भागाबाई पाखडत राहिली.

"जित्ता व्हई आनि मूठ लिधी नही, तं आपुन जित्ता माणूस मारा. आनि काही बरंवाईट व्हयेल व्हई, तं घरमा सुतक. मंग मूठ बी नही आनि कानबाई बी नही." नाना कठोर माणूस नव्हते. "सुरतथीन बठ्ठा लोके निंघनात. काय सांगू त्यास्ले?"

डिंपलच्या येरझाऱ्या वाढल्या. "बस वं जराशी, मनं डोकं फिरस," योगराज म्हणाला. ती बसली नाही. तेवढ्यात त्याच्या खिशातला फोन वाजला. भलताच लांबलचक नंबर होता. त्याने "हॅलो" म्हटलं, पलीकडून एका बाईचा आवाज भरभर काहीतरी बोलला, आणि योगराजने घाबरून फोन स्पीकरवर टाकून डिंपलपुढे धरला. "तठेनाच शे. देख, देख काय म्हनस!"

लताबाई पिठाच्या हातांनी बाहेर आली. सगळ्यांचे डोळे पोरीच्या तोंडाकडे. अरबी कळणारं त्या गावात दुसरं कुणी नव्हतं.

बतूल होती. पोरी, तूच का, असं तिने दोनदा विचारलं. आम्ही पळालो होतो, आता परत आलो, म्हणाली. घर अर्धं उरलंय. तुझ्या वडिलांनी हा नंबर माझ्या भिंतीवर लिहून ठेवला होता, ती भिंत उरली. डिंपलने फोन दोन्ही हातांनी धरला. तुझे वडील पाण्याला गेले होते पोरी. तोफेचा गोळा पडला. माझ्या मुलाने त्यांना आमच्या अंगणातल्या कडुनिंबाखाली पुरलं. तुझी नानीबा मग फार दिवस राहिली नाही. तीही तिथेच आहे, शेजारी. एवढं सांगून बतूल मोठ्याने रडू लागली. ओसरीवर ते रडणं घुमलं आणि मग फोन तुटला.

"काय म्हननी?" योगराजने विचारलं.

डिंपलला समोर सूप दिसत होतं, त्यातला गहू दिसत होता. दारामागची पिशवी दिसत होती.

"पप्पा बरा शेतस," ती म्हणाली. "नानीबा बी. तठे फोन लागत नही."

"मंग ती रडनी काबर?"

"मना आवाज ऐकीसन. खूष व्हयनी म्हनीसन."

योगराजने तोंड फिरवून डोळे पुसले आणि तो तसाच पेढे आणायला धावला, चप्पल न घालता. लताबाईने पिठाच्या हातांनी डिंपलचा चेहरा धरला, दोन्ही गाल पांढरे करून टाकले. नानांनी कानबाईला हात जोडले. भागाबाईचा हात मात्र सुपात थांबला होता. तिने नातीकडे एकदा पाहिलं. मग सूप नानांपुढे सरकवलं.

"मूठ भरा नाना."

मूठ पडली. गहू चक्कीवर गेला. त्या दिवसापासून डिंपलच्या पायांना जे झालं ते पाहवत नव्हतं. नळ आलेला नसताना ती रिकामी कळशी घेऊन नळाशी जाऊन उभी राही. योगराजने तो नंबर पुन्हा लावायचा म्हटलं तेव्हा तिने त्याच्याआधी तो पुसून टाकला आणि आपोआप गेला म्हणून सांगितलं. एक खोटं बोललं की त्याची चाकरी करावी लागते. ती बिचारी दिवसरात्र चाकरीत होती. बायकांच्या तोंडून तिने कानबाईच्या कोपाच्या कथा ऐकल्या होत्या. सुतक लपवून बाई बसवली तर काय होतं, याच्या तर खास रंगवून सांगायच्या कथा असतात. आता सगळ्या भाऊबंदकीवर कोप होणार, तेजसवर, योगराजवर, म्हाताऱ्या नानांवर, आणि तो आपल्यामुळे. सांगावं तर पप्पा जातात आणि आपण दारात. न सांगावं तर हे सगळे जातात. अकरा वर्षांच्या पोरीने हे कुठे ठेवायचं?

कानबाई बसली. सुरतेची मंडळी आली, घरात पाय ठेवायला जागा उरली नाही. बायका गात होत्या आणि डिंपल सगळ्यांना पाणी देत फिरत होती, ज्यांनी मागितलं त्यांना आणि न मागितलेल्यांनाही. नथ घातलेल्या नारळाकडे तिने एकदाही नीट पाहिलं नाही. सोमवारी बाईला गिरणेवर नेलं. तेजस बँडपुढे नाचला, योगराजही नाचला, म्हणे भाऊ जित्ता शे, नाचू नको तर काय करू! डिंपल काठावर उभी राहून थरथरत होती. ऊन होतं, तरी.

मग रोट. खिरीबरोबर, गंगाफळाच्या भाजीबरोबर, दुधाबरोबर. भागाबाईने एक वाटा वेगळा काढला आणि रोज नातीच्या ताटात वाढला. "बापना वाटाना रोट तूच खावाना." डिंपल उकिडवी बसून तो चावायची आणि घासाला घोट पाणी प्यायची. एक दिवस घास उतरेचना. अर्धा रोट तिने मुठीत दाबला आणि कोणी नाही पाहून दारामागच्या पिशवीत टाकला.

पौर्णिमेला संध्याकाळी राखी बांधून झाल्यावर भागाबाई उठली आणि तिने ती पिशवी खुंटीवरून काढली. इतक्या दिवसांत त्या पिशवीला कोणी हात लावला नव्हता. आतून वाळका रोट काढला, दोन तुकडे केले, एक आपल्या तोंडात टाकला आणि एक नातीपुढे धरला. डिंपलला वाटलं, आता विचारणार. म्हातारीने काही विचारलं नाही. कोरडा तुकडा बिनदाताच्या तोंडात घोळवत राहिली. "रोट सरनात," गिळून झाल्यावर ती एवढंच म्हणाली.

सकाळी अजून उन्हं अंगणात यायची होती तेव्हा तिने डिंपलला हाताला धरून मागे परसात नेलं. तिथे डिंपलचं सगळं भांडार होतं, हंडे, कळश्या, बादल्या, काठोकाठ. धुण्याच्या दगडाकडे बोट करून भागाबाई म्हणाली, "बस."

डिंपल उभीच.

"बस वं माय."

ती बसली. भागाबाई तिच्यासमोर जमिनीवर टेकली.

"आते सांग. ती बाई काय बोलनी?"

"पप्पा बरा शेतस."

"डिंपल." म्हातारीचा आवाज चढला नाही. "मले तवयच समजनं. रडनं बठ्ठी दुनियामा सारखंच ऱ्हास. पन तू सांगं नही, म्हनीसन मी काही ऐकं नही. लांबनं सुतक ऐकं तवयपाईन लागस. आपुन मूठ लिधी ती जित्ता माणूसनी. दोष कोनलेच नही, तुले बी नही. आते बाई नदीवर गई, रोट सरनात. आते सांग. मी ऐकस."

इतके दिवस म्हातारी ते पोटात घेऊन गाणी म्हणत होती, नारळाला नथ घालत होती, लेकाचा वाटा नातीला वाढत होती. तिने ते कसं केलं, मला विचारू नका. मला जमलं नसतं.

"पप्पा पानीले गयथा," डिंपल म्हणाली, आणि मग तिने सगळं सांगितलं. गोळा, बतूलचा मुलगा, कडुनिंब, नानीबा. भागाबाईने निंबाचं झाड केवढं आहे ते विचारलं. सावली पडेल एवढं आहे का? डिंपल म्हणाली, हो, त्याच्याखाली आम्ही झोका बांधायचो. म्हातारीने मान हलवली. मग तिने एक कळशी उचलली, स्वतःच्या डोक्यावर ओतली, लुगड्यासकट. दुसरी नातीच्या डोक्यावर ओतली. मग हंडा. मग बादली. दोन वर्षं साठवलेली पोरीची भीती एकेक करून रिकामी होत होती.

पाणी डोळ्यांतून, कानांतून वाहत असतानाच डिंपलने विचारलं, "आते मी कोठे जाऊ?"

"कोठे म्हंजे?"

"मूठ गई ना. आते मी कोनना मूठमा?"

भागाबाईचा हात हवेतच थांबला. पोर इतके दिवस कशाला उभी होती, ते तिला त्या क्षणी कळलं आणि तेव्हा ती पहिल्यांदा रडली, लेकासाठी नाही तेवढी नातीसाठी. "बावळट पोर," ती म्हणाली. "हाई पानी मी शेजारना पोरना डोकावर टाकतू का? सुतक परकाले लागत नही. घरनासलेच लागस. तुले लागनं."

मग डिंपल रडली. बतूलसारखीच, मोठ्याने, तोंड उघडं टाकून.

आवाजाने लताबाई धावत आली. ओल्या दोघींना आणि पालथ्या पडलेल्या भांड्यांना पाहून तिला कुणी काही सांगायची गरज उरली नाही. ती तिथेच मटकन बसली, पदर तोंडात धरून. घरात योगराजला कळलं तसा त्याचा हंबरडा बाहेरपर्यंत आला.

तेवढ्यात गल्लीतून कुणीतरी ओरडलं, "नळ उना वं!" परसातला नळ फुसफुसला आणि पाणी आलं. डिंपलचा एक पाय हलला. मग तो तसाच राहिला. ती दगडावर बसून होती, आजीच्या खांद्याला डोकं टेकून, ओली, हुंदके देत, पण बसून.

लताबाईने डोळे पुसले आणि उठून पालथे हंडे सुलटे करून नळाखाली लावले. हंडे झाले, कळश्या झाल्या, बादल्या झाल्या. मग ती आत गेली, चहाचे कप घेऊन आली आणि तेही एकेक भरून ओळीने मांडले.